कंदिलाचा सिनेमा

आज पातळाला खळ घालताना तो वास आला आणि आमच्या विणकरांच्या गल्लीतली एक संध्याकाळ आठवली. माझं नुकतंच लग्न झालं होतं. कॉलेजची मुलं दहा मिनिटांचा सिनेमा घेऊन आली होती. सासऱ्यांनी पडद्यासाठी मागावरचं पांढरं कापड दिलं, त्यालाही खळीचा असाच वास होता. गल्लीतले दिवे कित्येक महिने बंद, म्हणून चित्र फार छान दिसलं.

सिनेमात गावकरी आपापल्या घरचं तेल एका माणसाच्या कंदिलात ओततात आणि त्याला पुढे चालायला सांगतात. तो कंदील घेऊन सरळ आपल्या घरी जातो, दार लावून घेतो. बाहेर लोक अंधारात ठेचकाळतात, तरी त्याचाच जयजयकार करतात.

आमचे नगरसेवक पुढे खुर्चीत बसले होते. सासूबाई मोठ्यानं म्हणाल्या, "काहून गा भाऊ, हा कंदील तुमच्याच घरचा होय का?" सगळे हसले. नगरसेवक मान खाली घालून उठून गेले. त्याच आठवड्यात दिवे लागले. मला तेव्हा त्या नगरसेवकांची चीड आली होती.

आता त्यांचा मुलगा नगरसेवक आहे आणि गल्लीतले दिवे पुन्हा बंद आहेत. परवा त्याच्या वाढदिवसाला पोरांनी तोच सिनेमा मोठ्या पडद्यावर लावला. तो सगळ्यांपेक्षा मोठ्यानं हसला. "मस्तच पिच्चर आहे गा पोट्टेहो! अजून एक डाव लावा!" लोकांनीही टाळ्या वाजवल्या. माझ्या अंगाची आग झाली.

त्याच्या बापाला निदान मान खाली घालता येत होती.