चुकीच्या कोर्टात जिंकलेलं वावर

हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही, आणि तिच्यापासून तर माझी चोरून खाल्लेली जिलेबीसुद्धा लपत नाही. तुम्हाला सांगतो, कारण तुमची-माझी ओळख नाही.

मी अमळनेरचा वकील. उभी हयात तहसील आणि प्रांत कचेरीत गेली. सातबारावर नाव लावणं, नोंद रद्द करणं—यात माझा हात धरणारा तालुक्यात नाही, असं लोक म्हणतात. मीही म्हणू देतो. दिवाणी कोर्टाची पायरी मात्र तरुणपणी सोडली ती सोडलीच. एकदा उलटतपासणी घेताना माझी अशी बोबडी वळली, की न्यायाधीश म्हणाले, "वकीलसाहेब, तयारी करून या." मागे कुणीतरी हसलं. बस, एवढंच झालं होतं.

नवरा गेल्यावर जवळच्या खेड्यातल्या इंदूअक्काचं तीन एकर वावर तिच्या दिराने नांगरलं. भावाने मला तोंडी विकलंय म्हणाला, आणि सातबारावर स्वतःचं नाव चढवून घेतलं. अक्का माझ्याकडे आली. आता बघा—जमीन कुणाच्या मालकीची, हे तहसीलदार ठरवत नाही. तो नोंद बघतो. मालकी सांगून ताबा परत मागायचा, तर दिवाणी दावा. तोही ताबा गेल्यापासून बारा वर्षांच्या आत. हे मला माहीत नव्हतं? झोपेतून उठवून विचारलं असतं तरी घडाघडा सांगितलं असतं.

मग दुसऱ्या वकिलाकडे का नाही पाठवलं? बार रूममध्ये बोलले असते—याला तेवढंही जमत नाही. त्या भीतीने मी तिला माझ्याच कचेऱ्यांत फिरवत ठेवलं. तहसील, प्रांत, मग जळगाव. तिथून प्रकरण परत खाली. प्रत्येक तारखेला ती फडक्यात ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी बांधून पहिल्या एसटीने यायची आणि कडुनिंबाखाली बसायची. मी मनात वर्षं मोजायचो. दहा झाली. अकरा झाली. बोललो नाही.

बारा उलटल्यावर आम्ही जिंकलो. दिराची नोंद रद्द झाली, अक्काचं नाव लागलं. तिने सातबारा लॅमिनेट करून आणला, सोबत पेढे.

"भाऊ, आते वावर मनं शे ना?"

वावर आता तिचंच, एवढंच तिला माझ्या तोंडून ऐकायचं होतं. मी पेढा तोंडात टाकला आणि म्हणालो, "नाव लागलं ना, अक्का."

ती वावरात गेली. दिराने तो कागद बघितलाही नाही, नांगर चालूच ठेवला. मग तिच्या भाच्याने धुळ्याच्या एका वकिलाकडून दिवाणी दावा लावला. तो मुदतीत नाही म्हणून फेटाळला. नुसत्या नोंदीने मालकी ठरत नाही, हेही निकालात लिहिलं होतं. पहिल्याच वर्षी ती दिवाणी कोर्टात गेली असती तर? तर जमीन बहुधा तिची असती. मला हे तेव्हाही कळत होतं.

निकालाच्या दिवशी ती कोर्टातून थेट माझ्याकडे आली. मला वाटलं, आता शिव्या देईल. खरं सांगू? द्याव्यात असंही वाटलं. तिने पिशवीतून सातबारा काढला, पदराने पुसला आणि परत ठेवला.

"तुमना काय दोष, भाऊ? मनं नशीबच फुटकं शे."

मी मान हलवली. "हो अक्का," म्हणालो, "नशीबच."