जांभळी बोटं आणि दहा किलो तार

“हात बघा हिचे! रंगाच्या पातेल्यातून काढून आणलीय जणू.”

सर असं म्हणाले आणि आठवीचा अख्खा वर्ग हसला. येवल्यातली आमची शाळा. मी फळ्यापाशी उभी. बोटं जांभळी. सकाळी आईबरोबर पैठणीचं रेशीम रंगवून तशीच आले होते.

गणित होतं : सहा मीटर तारेचं वजन चार किलो, तर पंधरा मीटर तारेचं किती? मी लिहिलं, सहाला चार. बाराला आठ. राहिले तीन, तीनला दोन. एकूण दहा किलो. आई असंच करायची. सहा लडींना चार चमचे रंग, तर पंधरा लडींना दहा. तिच्या हातचा रंग कधी फिका गेला नाही.

उत्तर बरोबर होतं. सरांनी ते पुसलं.

“समचलन आहे हे. स्थिरांक कुठाय? मागावरची अक्कल मागावरच ठेवायची. कुणी शिकवलं असलं?”

“कुणी नाही, सर. अंदाजानं लिहिलं.”

संध्याकाळी आईनं विचारलं, “जमलं का गं गणित?”

“हो.”

दुसऱ्या दिवसापासून मी लिंबानं बोटं घासायला लागले. अभ्यास आहे म्हणून रंगवायला बसणं बंद केलं. आई एकटीच बसायची.

त्याच सरांनी पुढे मला सुट्टीत घरी बोलावून शिकवलं. आमच्या घरातली पहिली पदवीधर मी, ती बरीचशी त्यांच्यामुळे. हे मी विसरत नाही. पण ते पुसलेलं गणितही विसरत नाही.

आता नाशिकला शाळेत गणित शिकवते. गेल्या महिन्यात चाचणीचे पेपर वाटत होते. चार मिनिटांत सहा बादल्या भरतात, तर दहा मिनिटांत किती? सुरगाण्याकडच्या एका मुलीनं लिहिलं होतं, चारला सहा, आठला बारा, दोनला तीन. पंधरा. मी लाल फुली मारली होती.

“मॅडम, पण उत्तर तर बरोबर हाय ना?”

“हाय नाही, आहे. आणि रीत कुठाय? कुणी शिकवलं असलं?”

वर्ग हसला. तेच हसू. आणि प्रश्न माझ्या तोंडून.

ती मान वर ठेवून म्हणाली, “माझ्या आईनं. ती वसतिगृहात भात रांधते.”

मला जे जमलं नव्हतं, ते तिनं एका दमात केलं. मी तिचा पेपर परत घेतला. फुली खोडली. पूर्ण गुण दिले आणि वर्गाला सांगितलं, चूक माझी होती. स्थिरांक तिच्या आईच्या हातातच आहे, आपण फक्त त्याला नाव देतो.

रविवारी येवल्याला जाऊन आईला सगळं सांगितलं, तेव्हा रंगवायला बसणं का सोडलं तेही. ती म्हणाली, “मला नाय बाई आठवत.” एवढ्यानं माझी सुटका होत नाही.

पुढच्या महिन्यात जुन्या शाळेनं माजी विद्यार्थिनी म्हणून बोलायला बोलावलंय. सर पुढच्या रांगेत असतील. आधी त्यांच्या पाया पडेन. मग फळ्यावर तारेचं तेच गणित, आईच्याच रीतीनं सोडवीन. कुणी शिकवलं, ते तिचं नाव घेऊन सांगेन. या वेळी पुसू देणार नाही.