आमच्या माळावरचे दगड

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्यालाही नाही. तुम्हाला सांगतेय खरं — पण सरळ सांगता येईल का, ठाऊक नाही.

धाराशिवकडच्या वाशीच्या वरच्या अंगाला आमचा माळ होता. आम्ही धनगर. पिढ्यान्‌पिढ्या आमची मेंढरं तिथं चरली, आणि आमची माणसंही तिथंच पुरली. प्रत्येकाच्या उशाला एक उभा दगड. नाव नाही, गाव नाही. माझी आई तिथंच होती.

त्या माळावर पवनचक्क्या यायचं, त्यांच्यासाठी रस्ता काढायचं ठरलं. आप्पा — माझे थोरले चुलते, वडलांच्या माघारी त्यांनीच मला शिकवलं — रस्त्यात आडवे बसले. सरकारी साहेब पाहणीला येणार कळलं, तसं त्यांनी मला धाराशिवहून बोलावून घेतलं.

"आमचं त्यास्नी कळत न्हाय. तू मास्तरीण हाईस. तू सांग, इथं आपली माणसं हायेत."

एवढंच सांगायचं होतं. एवढंच ना?

पोलिसांनी गावाला लांब अडवलं, मास्तरीण म्हणून मला तेवढं पुढं सोडलं. गाडीतून साहेबांमागून त्यांच्याच कचेरीतल्या एक बाई उतरल्या — कॉलेजातली माझी मैत्रीण! माझे वडील मास्तर होते, असं मी तिला सांगितलेलं. मेंढरांमागं फिरत होते, हे सांगायची लाज वाटली होती.

"अगं, तू इथं कशी?"

"शाळेच्या कामानं," मी म्हणाले.

साहेबांनी विचारलं, "इथं समाध्या आहेत म्हणतात. असतील तर रस्ता वळवावा लागेल. आहेत का?"

आणि मी — मी म्हणाले, "छे, मेंढक्यांनी चुलीला मांडलेले दगड असतील."

परत आले. आप्पांना सांगितलं, "सगळं बोलले मी. ऐकत नाहीत ते."

त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला. "तू बोललीस, बास झालं पोरी."

आठवड्यात जेसीबीनं दगड उपटून बाजूला लोटले. कुठला कुणाचा, कसं ओळखणार?

खरं बोलले असते तरी माळ गेलाच असता — असं स्वतःला लई वेळा सांगून पाहिलं. पण तेव्हा मी माळाचा विचार केलाच नव्हता. फक्त माझा केला.

आप्पा गेल्या वर्षी गेले. त्यांना गावाखाली, ओढ्याच्या काठाला पुरलं. चुलतभाऊ सगळ्यांसमोर म्हणाला, "आमच्यातून साहेबाला तोंडावर बोलली ती ही एकटीच."

बायकांनी माझ्याकडं बघितलं. मी नाही म्हणाले नाही.