पडद्यामागून पाहिलेला बर्फ

भुसावळहून निघतानाच ठरवलं होतं: पिंपळनेरला बांबू घ्यायचे आणि अक्काच्या दाराकडे न बघता परत यायचं. केळीला टेकू द्यायला तिकडचा बांबू चांगला. अक्का, माझी थोरली बहीण, तिथेच दिलेली. तिच्या मोठ्या मुलीच्या लग्नाला जाताना माझी एसटी वाटेत बंद पडली. मामा म्हणून नवरीमागे उभं राहायचा मान माझा. पण दाजी थांबले नाहीत, स्वतःच्या चुलतभावाला उभं केलं. त्यांच्या घरचं पाणी पिणार नाही, असं मी तेव्हाच चारचौघांत सांगून टाकलं.

साक्री सुटली आणि डोंगर अंगावर आले. आमच्याकडे नजर केळीच्या बागेत अडकते. इथे ती थेट आभाळाला टेकते. मी नुसता बघत राहिलो.

बांबूवाल्याशी दुपारभर भांडून भाव पाडला, पण ट्रक सकाळी मिळणार होता. दिवस मावळताना यात्रेच्या मैदानात फिरत्या टॉकीजचा तंबू दिसला. सरहद्दीपलीकडच्या मुलीवर जीव जडलेल्या पोराचा सिनेमा. समोरची जागा भरलेली.

"पडद्यामागे बसा, शेठ," तिकीटवाला म्हणाला.

"मागून सगळं उलटं दिसतं. अर्धेच पैसे देईन."

"दिसतं उलटं, पण रडू सुलटंच येतं," म्हणत त्याने पुरे पैसे घेतले.

आणि मग बर्फ दिसला. आमच्या उन्हात वाढलेला माणूस मी. जिनिंगमधल्या कापसाच्या ढिगाखेरीज एवढं पांढरं कधी पाहिलं नव्हतं. डोंगरच्या डोंगर पांढरे, मधून काटेरी तार, इकडे तो, तिकडे ती. दिवसभर यात्रेत ओरडणारी माणसं श्वास धरून बसली होती. तेवढ्यात वाऱ्याने पडद्याची कड उचलली. पलीकडे पुढच्याच रांगेत अक्का! तिनेही मला पाहिलं. मी मान फिरवली.

रीळ बदलायला दिवे लागले, तशी ती तांब्या घेऊन पडद्याखालून वाकून माझ्याकडे आली.

"तू आठे काय करी ऱ्हायना?" (इथे काय करतोयस?)

"बांबू घ्यायला आलोय."

"तंबूमा बांबू भेटतस का? पी पाणी."

"सांगितलंय ना, तुझ्या घरचं पाणी..."

"हाई घर नही शे. तंबू शे." (हे घर नाही, तंबू आहे.)

सौद्यात मला असं कुणी पकडलं नव्हतं. प्यायलो. उरलेला सिनेमा तिने माझ्याशेजारी बसून उलटाच पाहिला. शेवटी ती दोघं तारेपाशी आली तेव्हा अक्काने पदर तोंडाला लावला आणि मी रुमाल शोधू लागलो.

बाहेर दाजी बॅटरी घेऊन उभे होते. "चला घरी," जमिनीकडे बघत म्हणाले.

"धाकटीच्या लग्नात नवरीमागे कोण उभं राहणार?"

"तुम्ही."

"आणि एसटी बंद पडली तर?"

"मुहूर्त गेला तरी थांबू."

यावर मी घासाघीस केली नाही.

सकाळी बांबूच्या ट्रकमधून परतलो, मांडीवर अक्काने बांधून दिलेली ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी. त्या दोघांमधली तार कुणाला हलवता आली नाही. आमच्यामधलं कापड वाऱ्यानेच उचललं.

घरी बायकोने विचारलं, सिनेमा कसा होता? म्हटलं, एवढा बर्फ जगात आहे हे ठाऊक नव्हतं. धुळ्याला लागला की तुला दाखवतो, या वेळी समोरून. पिंपळनेर धुळ्याच्याही बरंच पुढे आहे. पण धुळ्यापर्यंत गेलो की अक्काकडेही जाऊच.