हत्ती आला की

इथल्या मराठी मंडळींनी मला सौदी अरेबियाचा मानद बालसाहित्यदूत नेमलं. मुलांना मराठी गोष्टींची गोडी लावायची, एवढंच काम. माझी स्वतःची मुलं मला इंग्रजीत उत्तरं देतात, हे मी कुणाला सांगितलं नव्हतं. दुसऱ्याच दिवशी मी बिल्ला लावून इथल्या जुबैल शहरातल्या आमच्या कंपनीच्या बसमध्ये चढलो.

बसचा ड्रायव्हर रत्नागिरीकडचा. सकाळी बस भरेपर्यंत तो फोनवर गावच्या नातीला गोष्ट सांगायचा. गोष्टीत पाऊस आला की वायपर सुरू, राक्षसाची गुहा उघडली की बसचं दार फुस्स, हत्ती आला की हॉर्न.

मला राहवेना. म्हटलं, "मी वाचून दाखवतो. माझं पदच आहे तसं."

त्याने अदबीने फोन माझ्यापुढे धरला. मी पुस्तक काढून दोन पानं आवाज चढवत-उतरवत वाचली.

पलीकडून पोरगी म्हणाली, "नाना, काकांचं भाषण संपलं का? आता गोष्ट सांगा ना."

ड्रायव्हर ओशाळला. "साहेब, मनावर घेऊ नका. हत्ती आला की हॉर्न तुम्ही वाजवा."

तेव्हापासून रोज सकाळी मी त्याच्याशेजारी उभा राहून हत्तीची वाट पाहतो. हेही पद मानदच आहे, पण यातलं काम मला जमतं.