पोराचा षटकार

आमचा मुलगा टीव्हीवर दिसतो. हे वाक्य मी ग्लेन वेव्हर्ली या आमच्या परदेशातल्या उपनगरातल्या यच्चयावत मराठी माणसांना ऐकवलेलं आहे. किती वेळ दिसतो, हे मात्र कोणी विचारू नये. तो इथल्या व्यावसायिक बेसबॉल टीममध्ये आहे, पण बराचसा काळ बाकावर असतो. कॅमेरा बाकावरून फिरला की तीन सेकंद तो सूर्यफुलाच्या बिया चघळताना दिसतो आणि चौथ्या सेकंदाला टरफलं थुंकतो. थुंकणं कापून मी ती क्लिप पुण्याच्या फॅमिली ग्रुपवर टाकतो.

हा सगळा खटाटोप अण्णांसाठी, म्हणजे माझ्या वडिलांसाठी. नातवाने इंजिनीअरिंग अर्धवट सोडलं तेव्हापासून दर रविवारी व्हिडिओ कॉलवर त्यांचा एकच प्रश्न, "काय रे, अजून दांडकंच फिरवतोय का तो?" डोक्यात तिडीक जायची. पोरगं वाया गेलेलं नाही, एवढं मला त्यांच्या तोंडून ऐकायचं होतं.

मध्ये एका शनिवारी त्याला बॅटिंग मिळाली. त्याने बॉल असा टोलवला, की थेट प्रेक्षकांत! आता बेसबॉलमध्ये ठरलेल्या दोन रेघांच्या बाहेर गेलेला बॉल म्हणजे फाऊल, सगळं फुकट. हे मला चांगलं ठाऊक होतं. जन्मभर क्रिकेटच पाहिलेली आमची माणसं प्रेक्षकांत पडलेल्या बॉलला काय म्हणतील, तेही ठाऊक होतं. पंचाने हात वर करून फाऊल द्यायच्या आत मी क्लिप कापली आणि दिली पाठवून. खाली एक अक्षर लिहिलं नाही. खोटं म्हणून बोललो नाही हो!

ग्रुप नुसता पेटला. "सिक्सर!" "वाघ आहे वाघ!" अण्णांनी तर बागेत फिरायला येणाऱ्या मंडळींना क्लिप दाखवून वर जिलबी खिलवली.

दुसऱ्या रविवारी मुलगा जेवायला आला होता, तेव्हा त्यांचा कॉल आला. "शाब्बास रे! काय षटकार हाणलास! माझंच चुकलं बघ." हे ऐकायला मी चार वर्षं तरसलो होतो. मुलाने आधी माझ्याकडे पाहिलं, मग "थँक्स, आजोबा" म्हणाला.

कॉल संपल्यावर त्याने क्लिप बघायला मागितली. दोनदा पाहिली.

"व्हेअर्स द नेक्स्ट वन?"

पुढच्याच बॉलवर बॅट नुसती हवेत फिरवून, तिसरी आणि शेवटची संधीही घालवून तो आउट झाला होता.

"तेवढंच आहे," मी म्हणालो.

वाटलं, चिडेल. चिडला असता तर बरं झालं असतं. एरवी इंग्लिशमध्येच उत्तरं देणारा हा, सावकाश मराठीत म्हणाला, "बाबा, पुढचा बॉल पण पाठव ना त्यांना. आउट झाला, तो पण मीच आहे."

मेल्याहून मेल्यासारखं झालं. पाठवणार काय, कपाळ? तो बॉल मी त्याच दिवशी डिलीट केला होता.