थबकेच्या काठावरची भागीरथा

अचलपूरकडच्या कोणत्याही गावात ‘कापूसवाली’ म्हटलं की लोक भागीरथाबाईचं घर दाखवतात. ती कापूस विकत नाही. ती थबक शोधते.

थबक म्हणजे काय, हे वऱ्हाडातल्या शेंबड्या पोरालाही सांगावं लागत नाही. पण परक्यांसाठी सांगायला हवं. जमिनीच्या एखाद्या तुकड्यापुरता काळ मंदावतो. शेताच्या धुऱ्यावर, दोन शेतांमधल्या पांदणीत, कधी शाळेच्या पटांगणातसुद्धा. दिसत काही नाही. बाहेर वर्ष सरतं, आत अडकलेल्याचं अर्धं पाऊलही पुरतं पडत नाही. दोर टाकावा तर दोर अडकतो, हात घालावा तर हात. थबक आपल्या मर्जीनं येते आणि आपल्या मर्जीनं उठते. कुठे आठ दिवस, कुठे वर्षानुवर्षं लागतात. आमच्याकडे एखाद्याचं लग्न जमेना झालं तरी लोक म्हणतात, त्यांच्या घरात थबक पडली असेल. त्यात थबकेचा काही दोष नसतो, बहुतेक वेळा मुलाच्या बापाचा असतो.

तिच्यावर उपाय एकच, आधी ओळखायची. त्यासाठी कापूस. सरकी काढलेल्या कापसाची बोटभर पुंजी, म्हणजे पुंजका, पुढे उडवायची. खाली आली तर पाऊल टाकायचं, हवेत लटकली तर मागे सरायचं आणि तिथं चुन्याची रेघ ओढायची. कापूस मात्र कोरडा हवा. ओला कापूस थबकेलाही दाद देत नाही, ढेकळासारखा पडतो आणि माणसाला फसवतो.

भागीरथाबाईला हे लहानपणापासून ठाऊक होतं. तरी अकरा वर्षांपूर्वीच्या एका डिसेंबरात तिच्या हातून चूक झालीच. वेचणीच्या दिवसांत बाया उजाडायच्या आत शेतात शिरतात, कारण दवातला कापूस वजनाला भरतो. तीही शिरली होती. आठच्या सुमारास तिचा नवरा देवमन फवारणीचा पंप आणायला पांदणीनं निघाला. आदल्या दिवसापासून गावात थबकेची कुजबुज होती, म्हणून त्यानं तिच्याकडे पुंजी मागितली. तिनं कमरेच्या ओटीतला कापूस सरकी काढून दिला, दवानं भिजलेला. देवमननं तो उडवला, तो पटकन खाली पडला. देवमन पुढे गेला आणि उजवा पाय उचललेला असा उभाच राहिला.

कापूस ओला होता, हे तिनं कुणालाच सांगितलं नाही. सासूला नाही, सरपंचाला नाही. लोक म्हणाले, नशीब. तिनं ते ऐकून घेतलं. मग तीन वर्षांच्या लेकीला, प्रणालीला, कडेवर घेऊन ती कापूस वाळवायला लागली.

तेव्हापासून ती हेच करते. चुलीच्या उबेला ठेवलेला पत्र्याचा डबा, त्यात कोरडा ठक्क कापूस, खांद्यावर चुन्याची पिशवी. परतवाड्याच्या बाजाराआधी तिला बोलावतात, रिद्धपूरच्या यात्रेआधी बोलावतात, एकदा तर पार अकोल्याहून जीप आली होती. प्रत्येक पुंजी ती आधी गालाला लावून बघते, मग उडवते. एकदा खुशालराव सरपंचांनी घड्याळ दाखवून घाई केली. ती म्हणाली, “तुमाले घाई असन त तुमी पुढं चाला, मी रेघ मारतो.” खुशालराव गुमान मागे राहिले. तिच्या रेघेआड गेल्या अकरा वर्षांत एक शेळीसुद्धा अडकलेली नाही.

दर रविवारी मात्र ती पांदणीत एकटी जायची. देवमन तिथंच असायचा, उचललेला पाय वर्षाला जेमतेम केसभर खाली आलेला. यंदा फेब्रुवारीत तिनं उडवलेली पुंजी त्याच्या पायाशी लटकली, आणि मग हळूच जमिनीवर आली. थबक उठू लागली होती.  भागीरथाबाईला आनंद झालाच, पण त्याच्याहून जास्त भीती वाटली.

घरी येऊन तिनं पहिल्यांदा प्रणालीला ओल्या कापसाचं सगळं सांगितलं.  पोरगी म्हणाली, “बाबाले मालूम नाई ना? मंग त्याले काहून सांगू राहिली?”

“तोच फसला ना वं. त्याले नाई सांगायचं, त कोनाले सांगायचं?”

“अन् तो सोडून गेला त?”

“जाईन त जाईन,” भागीरथाबाई म्हणाली. पण त्या दिवशी तिला जेवण गेलं नाही.

आठव्या दिवशी सकाळी मायलेकी रेघेशी उभ्या असताना देवमनचा पाय जमिनीला टेकला. तो झपाझप चार पावलं चालला, काहीतरी चुकल्यासारखा थांबला आणि मागे वळला. समोर पिकल्या केसांची, उन्हानं रापलेली बाई उभी होती.

“मावशी,” तो अदबीनं म्हणाला, “माही भागी आत्ता इथं उभी व्हती. कुठी गेली, पायलं काय?”

 अकरा वर्षं घोकलेलं वाक्य आधी बाहेर आलं. “मीच भागी. मी तुमाले ओला कापूस देल्ला.”

देवमन तिच्याकडे बघत राहिला. आवाज ओळखीचा होता, तोंडावळाही हळूहळू ओळखीचा होत गेला. “ओला व्हता, ते हातातच समजलं मले,” तो सावकाश म्हणाला. “कोरडा मांगतला असता त घरी वापस जा लागलं असतं. म्हटलं, चालते.”

भागीरथाबाईनं डोळे मिटले. तिला रडू आलं आणि तिनं ते आवरलं नाही.

“लय दिवस झाले काय?”

“अकरा वर्सं.”

तो मटकन खाली बसला. आपल्या तरण्या मनगटांकडे आणि तिच्या सुरकुतल्या हातांकडे त्यानं आळीपाळीनं पाहिलं. “तू बी आत यायचं व्हतं ना,” तो म्हणाला. “बरोबरीनं रायलो असतो. काहून नाई आली?”

भागीरथाबाईनं पाठीमागे दडलेल्या प्रणालीचा हात धरून तिला पुढे केलं.

“हिची शाळा व्हती,” ती म्हणाली.

सकाळी ज्या पोरीच्या अंगावर गोधडी सारखी करून तो निघाला होता, ती आता आईच्या खांद्याला लागत होती. देवमननं हात पुढे केला आणि संकोचून मागे घेतला. प्रणालीनंच तो धरला आणि त्याला उठवलं.